वेग मोजायचा, पण कुठून कुठवर?

२०१९ साली मुंबई–पुणे द्रुतगती मार्गावर महामार्ग पोलिसांनी एक साधे गणित जाहीर केले. खालापूर आणि उर्से या दोन टोलनाक्यांमधले सुमारे ५० किलोमीटर अंतर ३७ मिनिटांच्या आत कापले, तर वेगमर्यादा मोडल्याचा दंड. त्यात रडार नव्हते, लेझर नव्हते. दोन ठिकाणच्या वेळा आणि एक भागाकार एवढ्यावर काम भागत होते: ५० किलोमीटर ३७ मिनिटांत म्हणजे ताशी सरासरी ८१ किलोमीटर. जुलै २०२४ पासून याच रस्त्यावर ‘आयटीएमएस’ ही स्वयंचलित यंत्रणा आली, लोखंडी कमानींवर कॅमेऱ्यांच्या रांगा लागल्या आणि गप्पांचा विषय बदलला. कॅमेरे किती, चलाने किती, रक्कम किती, वसुली किती, यावरच सगळे बोलू लागले. या गलक्यात तो जुना भागाकार मागे पडला. माझ्या मते वेगाच्या कॅमेऱ्यांविषयीचा सर्वांत महत्त्वाचा प्रश्न त्या भागाकारातच आहे. वाहनाचा वेग एका बिंदूवर मोजायचा, की रस्त्याच्या एका पट्ट्यात? दुसरा मार्ग अधिक अचूक आहे, चालकाला अधिक न्याय देणारा आहे आणि अपघात टाळायलाही अधिक उपयोगी आहे.

आधी बिंदूवरचे मोजमाप पाहू, कारण संशय सर्वाधिक त्याच्यावर घेतला जातो. १८४२ साली ख्रिश्चन डॉप्लर या ऑस्ट्रियन शास्त्रज्ञाने मांडलेले तत्त्व रडारच्या मुळाशी आहे. लहरींचा उगम आपल्याकडे येत असेल तर त्यांची वारंवारिता वाढलेली जाणवते, दूर जात असेल तर घटलेली. फलाटावरून धडधडत जाणाऱ्या गाडीचा भोंगा आपल्याला ओलांडताच खालच्या पट्टीत उतरतो, तो याचमुळे. वेग मोजणारी बरीच रडारयंत्रे साधारण २४ गिगाहर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला २४ अब्ज कंपनांच्या, लहरी सोडतात. समोरून ताशी १०० किलोमीटरने येणाऱ्या मोटारीवर आपटून परतलेल्या लहरीच्या वारंवारितेत जेमतेम साडेचार हजार कंपनांची भर पडते. अब्जांच्या तुलनेत हा फरक नगण्य वाटेल. पण पाठवलेली आणि परतलेली लहर एकमेकींत मिसळली की नेमका तो फरकच वेगळा काढता येतो आणि इलेक्ट्रॉनिक्सला तो मोजणे अवघड नसते. पोलिसांच्या हातातली लेझर गन वेगळ्या वाटेने जाते. ती प्रकाशाचे शेकडो स्पंद सोडते, प्रत्येक स्पंद परत यायला लागलेल्या वेळेवरून अंतर काढते आणि ते अंतर किती झपाट्याने घटते आहे यावरून वेग ठरवते. प्रकाश एका सेकंदाच्या अब्जाव्या भागात सुमारे ३० सेंटिमीटर जातो. तेव्हा त्या यंत्रातले घड्याळ कोणत्या दर्जाचे असावे लागते, याचा अंदाज यावा.

मग चूक होतच नाही का? होते, आणि कुठे होते हे ठाऊक असलेले बरे. रडारचा झोत मोटारीच्या दिशेशी कोन करून पडला तर त्याला वेगाचा फक्त तेवढा घटक दिसतो. २० अंशांचा कोन असेल तर ताशी १००चा वेग ९४ दिसतो. ही चूक चालकाच्या फायद्याची आहे. मात्र खांबावर कायमचे बसवलेले यंत्र ठरलेला कोन धरून ही तूट भरून काढते आणि बसवताना कोनच चुकला असेल तर भरपाईही चुकते. दोन वाहने शेजारी असतील तर परतलेली लहर नेमकी कोणाची, हा दुसरा घोळ. त्यासाठी काही यंत्रणा ठरावीक कालांतराने दोन छायाचित्रे घेतात. तेवढ्या वेळात गाडी किती सरकली हे पाहून रडारचा आकडा पडताळता येतो. गंमत अशी, की अशा कॅमेऱ्यांचे जनक मॉरिस गॅट्सोनिडेस हे स्वतः शर्यतीतले चालक होते. १९५३ची माँटे कार्लो रॅली जिंकणाऱ्या या डच गृहस्थांनी हे यंत्र बनवले ते वळणावरचा स्वतःचा वेग मोजून तो वाढवण्यासाठी. पुढे त्याच यंत्राने किती वेगवान मंडळींचे खिसे हलके केले, याची मोजदाद नाही.

यंत्रणेची कच्ची बाजू खरे तर वेगापेक्षा पाटी वाचण्यात आहे. कॅमेरा अवरक्त प्रकाशाच्या उजेडात नंबरप्लेट टिपतो, संगणक त्यातली अक्षरे ओळखतो आणि वाहन नोंदणीच्या यादीतून मालक शोधतो. पाटी चिखलाने माखलेली असो, वाकलेली असो, की ४१४१चा ‘दादा’ आणि २१४चा ‘राम’ करणाऱ्या हौशी रंगाऱ्याच्या हातची असो, वाचन तिथे घसरते आणि चलान भलत्याच्याच मोबाइलवर जाऊन पडते. एकाच ठशाची, प्रकाश परतवणारी उच्च सुरक्षा नंबरप्लेट सर्वांना सक्तीची करण्यामागे चोरीला आळा हे एक कारण आहे. यंत्राला वाचता यावे ही सोय त्यात आपसूक येते.

एवढे मान्य केले, की बिंदूवरच्या मोजमापाची खरी मर्यादा दिसू लागते. कॅमेरा कुठे आहे हे रोजच्या चालकाला पाठ असते आणि नवख्याला मोबाइलवरचा नकाशा सांगतो. कमान जवळ आली की ब्रेक, कमान गेली की पुन्हा पाय ॲक्सिलरेटरवर. यंत्राने वेग अचूक मोजला. पण मोजला तो खास त्याच्यासाठी काढलेला वेग. शिवाय भरधाव रांगेत पुढच्याने अचानक ब्रेक मारणे हा स्वतंत्र धोका आहेच. तरीही असे कॅमेरे निरुपयोगी म्हणता येत नाहीत. २०१० साली कॉक्रेन या वैद्यकीय आढावे घेणाऱ्या संस्थेने वेगाच्या कॅमेऱ्यांवरचे ३५ अभ्यास एकत्र तपासले. कॅमेऱ्यांच्या परिसरात एकूण अपघात ८ ते ४९ टक्क्यांनी आणि मृत्यू किंवा गंभीर इजा करणारे अपघात ११ ते ४४ टक्क्यांनी घटल्याचे त्यात दिसले. पल्ला एवढा रुंद का, याचे उत्तर आढाव्याने स्वतःच दिले आहे: अभ्यासांचा दर्जा फार तर मध्यम होता. कॅमेरा बहुधा एखाद्या वाईट वर्षानंतर बसवला जातो आणि वाईट वर्षानंतरचे वर्ष कॅमेरा नसतानाही अनेकदा बरे जाते. ही निव्वळ योगायोगाची घट वजा केल्याशिवाय यंत्राला श्रेय देता येत नाही. सगळ्या अभ्यासांची दिशा मात्र एकच होती, हेही विसरता येत नाही.

आता पट्ट्याचे मोजमाप. ‘अ’ कमानीखाली पाटी वाचली, वेळ नोंदली. दहा किलोमीटरवरच्या ‘ब’ कमानीखाली पुन्हा वाचली, वेळ नोंदली. मर्यादा ताशी १०० असेल तर हे अंतर कापायला सहा मिनिटे लागायला हवीत. पाच लागली तर सरासरी वेग १२०. दोन घड्याळांत अख्ख्या एका सेकंदाचा फरक पडला, तरी ३६० सेकंदांत त्याने होणारी चूक ताशी पाव किलोमीटरच्या आसपास. उपग्रहाशी जुळवलेल्या घड्याळांत तेवढाही फरक राहू नये. पट्टा जितका लांब तितकी चूक किरकोळ. इथे कोनाची भानगड नाही आणि शेजारच्या ट्रकच्या परावर्तनाचीही नाही. कायद्याच्या दृष्टीनेही हे मोजमाप भक्कम आहे. सरासरी १२० आली, तर ते वाहन त्या पट्ट्यात कुठे ना कुठे किमान १२०ने धावले होतेच. कॅलक्युलसमधल्या एका जुन्या प्रमेयाने हे निःसंशय ठरते. उलट बाजूने तसे म्हणता येत नाही. सरासरी ९५ असलेल्यानेही मध्येच १३० गाठले असेल आणि तो सुटेल. म्हणजे संशयाचा फायदा चालकाला, ही न्यायाची जुनी रीत या गणितातच बसलेली आहे. एखाद्या ट्रकला ओलांडताना क्षणभर वेग वाढला म्हणून इथे कोणाला दंड होत नाही. दहा किलोमीटर सातत्याने मर्यादा मोडणाराच सापडतो आणि अडवायचे आहे ते त्यालाच.

‘चांगल्या रस्त्यावर १००च्या जागी १२०ने काय बिघडते?’ हा आक्षेप चालक मनापासून घेतात. दीड सेकंद प्रतिक्रियेला आणि कोरड्या रस्त्यावर चांगले ब्रेक असे धरले, तर १००ने जाणारी मोटार सुमारे ९८ मीटरवर थांबते. त्याच क्षणी तोच अडथळा पाहून ब्रेक मारणारी १२०ची मोटार त्याच जागी पोहोचते तेव्हा तिचा वेग अजून सुमारे ७७ असतो. वीसचा फरक टक्कर होताना ७७चा होतो, कारण गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गाने वाढते आणि ब्रेक मारल्यावर वेगाची मोठी घट शेवटच्या काही मीटरांतच होत असते. बदल्यात मिळते काय? जवळपास ९४.५ किलोमीटरच्या सगळ्या मार्गावर घाट नाहीच, गर्दी नाहीच असे मानले, तरी साडेनऊ मिनिटे.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: हा सगळा गल्ला भरण्याचा उद्योग आहे. याला पुरावाही देता येईल. याच द्रुतगती मार्गावर २०१६ साली १५१ जण मृत्युमुखी पडले. त्याच वर्षी सुरू झालेल्या ‘झीरो फॅटॅलिटी कॉरिडॉर’ उपक्रमात कठडे, फलक, उघडे खांब, बंद पडून उभी राहिलेली वाहने अशा गोष्टींकडे लक्ष दिले गेले आणि पुढच्या वर्षांत मृत्यू बरेच घटले. आयटीएमएस येण्याच्या कितीतरी आधीची ही घट आहे. तेव्हा कॅमेरा हा रस्तासुधारणेला पर्याय नव्हे, हे कबूल. पण गल्ल्याचा आरोप तपासायला एक सोपी कसोटी आहे. पैसे मिळवायचे असतील तर उतारावरच्या वळणामागे लपवलेला एक बिंदू-कॅमेरा सर्वांत फायद्याचा. आधी फलक लावून, दोन्ही कमानी उघड दाखवून लांब पट्टा मोजणारी यंत्रणा कमाईसाठी अगदीच अडाणी आहे, कारण तिथे चालक सावध होतो आणि सावधच राहतो. मोटार वाहन कायद्यात २०१९ साली आलेले कलम १३६-अ आणि २०२१चा नियम १६७-अ यांनी धोरणाचा कल याच बाजूला ठेवला आहे: कॅमेरा आहे हे सांगणारा फलक हवा, यंत्राचे प्रमाणपत्र दरवर्षी नव्याने घ्यायला हवे, छायाचित्र आणि मोजलेला आकडा चलानासोबत हवा, सूचना १५ दिवसांच्या आत जायला हवी. शेवटची अट मला विशेष महत्त्वाची वाटते. हलक्या वाहनाला हजार-दोन हजार आणि जड वाहनाला दोन ते चार हजार रुपयांचा दंड कायद्यात आहे. पण चार महिन्यांनी एकदम सात चलाने मोबाइलवर आदळली, तर त्या सात वेळांपैकी एकदाही चालकाचा पाय वेळेवर उचलला गेलेला नसतो. नुकसान मात्र सगळे होते. जुलै २०२५मध्ये राज्यातल्या वाहतूकदारांनी ई-चलानाविरुद्ध संप पुकारला, त्यामागचा संताप केवळ रकमेचा नसावा.

पट्ट्याच्या पद्धतीलाही पळवाटा आहेत. मध्ये फूड मॉल असला, की भरधाव येऊन पंधरा मिनिटे वडापाव खाणाऱ्याची सरासरी एकदम सज्जन होते. आणि खालापूर–उर्से पट्ट्यात बोरघाट येतो. तिथली मर्यादा सपाटीपेक्षा बरीच कमी आहे, त्यामुळे दोन्ही मिसळून काढलेली ८१ची सरासरी घाटात बेदरकार आणि सपाटीवर संथ असलेल्याला निर्दोष सोडते. २०१९च्या त्या भागाकाराची खोट हीच होती. उपाय म्हणजे पट्टे लहान पाडावेत, मर्यादा बदलते तिथे नवा पट्टा सुरू करावा, थांबे असलेले तुकडे वगळावेत आणि घाटाच्या धोक्याच्या वळणांवर बिंदू-कॅमेरेही ठेवावेत. घाटातली मर्यादा अवास्तव आहे अशी तक्रार असेल, तर ती मर्यादेविषयी करायला हवी. उताराचा कोन, वळणाची त्रिज्या आणि ट्रकच्या ब्रेकची तापण्याची मर्यादा यांवरून ती ठरवून कारणांसह जाहीर करता येते.

उरतो विश्वास. किराणा दुकानातल्या तराजूवर वैध मापन शास्त्र विभागाचा शिक्का असतो. वेग मोजणाऱ्या रडारलाही पडताळणी आणि शिक्का सक्तीचा करणारे केंद्राचे नियम १ जुलै २०२५पासून लागू झाले, हे उशिराने का होईना योग्यच झाले. पट्ट्याच्या चलानाबाबत तर याहूनही सोपे काही करता येईल. त्यावर दोन कमानींची नावे, त्यांच्यातले मोजलेले अंतर आणि सेकंदापर्यंतच्या दोन्ही वेळा छापाव्यात. डॉप्लरची वारंवारिता कोणी घरी बसून तपासू शकत नाही. अंतराला वेळेने भागणे मात्र सातवीतल्या मुलालाही जमते, आणि हिशेब जुळला नाही तर तक्रारीच्या अर्जात लिहायला चालकाकडे काहीतरी ठोस असते.