पिता घरी परततो तेव्हा

लूककृत शुभवर्तमानाच्या १५ व्या अध्यायातील उधळ्या पुत्राचा दाखला आपणा सर्वांच्या परिचयाचा आहे. तेथे पुत्र परत येतो आणि वाट पाहणारा पिता धावत जाऊन त्याला मिठी मारतो. परंतु दूर गेलेला पिताच परत आला तर? रशियन दिग्दर्शक आंद्रेई झ्व्यागिन्त्सेव यांचा ‘द रिटर्न’ हा पहिला चित्रपट हाच प्रश्न आपल्यापुढे ठेवतो. २००३ साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्यास ‘सुवर्ण सिंह’ हा सर्वोच्च पुरस्कार लाभला.

आंद्रेई आणि इवान हे दोघे भाऊ एके दिवशी धावत घरी येतात, तो आई त्यांना गप्प करते. वडील झोपले आहेत! तब्बल १२ वर्षांनी ते आले आहेत. मुले माळ्यावर जातात आणि सचित्र बायबलमध्ये ठेवलेले जुने छायाचित्र काढून त्यांची ओळख पटवतात. ते ठेवलेले असते अब्राहामाने इसहाकाचे बलिदान आरंभल्याच्या चित्रापाशी.

दुसऱ्या दिवशी वडील मुलांना मासेमारीसाठी प्रवासास नेतात. ते हुकूम सोडतात, शिक्षा करतात. मात्र इतकी वर्षे कोठे होते, हे सांगत नाहीत. थोरला आनंदाने आज्ञा पाळतो. धाकट्या इवानच्या तोंडून ‘पपा’ हा शब्द सहजी निघत नाही. अखेरीस एका निर्जन बेटावर रागाने पळालेला इवान उंच मनोऱ्यावर चढतो. त्याला वाचविण्यासाठी वडील मागोमाग चढतात, फळी निखळते आणि ते कोसळून मरण पावतात. पुढे त्यांचा देह असलेली होडी पाण्यात बुडू लागते, तेव्हा इवान ‘पपा’ असा टाहो फोडत किनाऱ्याकडे धावतो. आता ऐकणारा कोणी नसतो.

या पित्याला प्रेम नव्हते काय? होते, त्यासाठी त्याने प्राण गमावले. परंतु ते प्रेम मुलांना दिसले ते केवळ दरडावणीच्या रूपात. पितृत्वाचा अधिकार रक्ताच्या नात्याने मिळत असला, तरी तो रुजतो सहवासाने.

आपल्याकडेही आखातात वा जहाजावर नोकरी करणारे वडील दीर्घ काळाने घरी येतात. त्यांनी आल्याबरोबर शिस्त लावण्याआधी मुलांजवळ बसावे, त्यांचे ऐकावे, आपल्या दूर राहण्याचे कारण मोकळेपणाने सांगावे. मुलांनीही मनातील हाक फार काळ अडवून धरू नये. दाखल्यातील पित्याने पुत्राकडे हिशेब मागितला नाही. त्याने आधी मिठी मारली.