वाड्यातून वेशीबाहेर : स्मिता पाटील आणि तिचा काळ

राजकीय उलथापालथीत नटीचे काय होते? प्रागमध्ये 1968 साली रणगाडे शिरले. व्लास्ता ख्रामोस्तोव्हा या झेक अभिनेत्रीने त्या राजवटीपुढे मान तुकवली नाही. तिला रंगभूमी बंद झाली, तेव्हा तिने घराच्या खोलीत नाटके केली. आपल्याकडे आणीबाणीत स्नेहलता रेड्डी हिला तुरुंगात टाकले. 'संस्कार' या कन्नड चित्रपटात चंद्रीची भूमिका करणारी ही नटी सुटली आणि लगेच, 20 जानेवारी 1977 रोजी गेली.

स्मिता पाटील हिची गोष्ट वेगळी आहे. तिच्यावर बंदी आली नाही. तिचे वडील शिवाजीराव पाटील राज्याच्या राजकारणातले. ती मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या देत असे. तरीही त्या दशकाची खळबळ जितकी तिच्या भूमिकांतून दिसते, तितकी क्वचितच कुणा नटीच्या दिसेल.

आणीबाणीच्या वर्षी, 1975 साली, 'निशांत' आला. कथा 1945 च्या तेलंगणातली. आमचे पाथरीही तेव्हा निजामाच्याच राज्यात होते. त्यामुळे तो जमीनदार आणि तो वाडा आम्हाला परका नव्हता. स्मिता त्यात वाड्यातली सून आहे. म्हणजे सुरुवात वाड्याच्या आतून झाली. 1976 च्या 'मंथन'ला गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये घातले. त्यात ती खेड्यातली बिंदू झाली. हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर आधारलेल्या 'भूमिका'साठी तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 1980 च्या 'आक्रोश'मध्ये ती आदिवासी नागी आहे. आणि 1981 साली सत्यजित राय यांनी दूरदर्शनसाठी केलेल्या प्रेमचंदांच्या 'सद्गती'त ती झुरिया, दुखी चांभाराची बायको. सहा वर्षांत ती वाड्यातून वेशीबाहेर आली.

हीच सहा वर्षे मराठवाड्याची होती. 27 जुलै 1978 रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला आणि आमच्या वस्त्या पेटल्या. नांदेड जिल्ह्यात पोचिराम कांबळे यांना मारले. मी तेव्हा शाळकरी पोर होतो. रात्री माय दाराला पाठ लावून बसायची. दूर कुठे कुत्रे भुंकले तरी आम्ही कान टवकारायचो.

पुढे बऱ्याच वर्षांनी मी मायबरोबर 'सद्गती' पाहिला. पंडिताची लाकडे फोडता फोडता उपाशी दुखी मरतो. झुरिया पंडिताच्या दाराशी जाऊन टाहो फोडते. मला वाटले, माय रडेल. ती रडली नाही. म्हणाली, "पोरीनं काम खरं केलं. पर ती दारापोतर जाऊन रडली तरी. आमास्नी तितं उभंबी ऱ्हाता येत नव्हतं."

मायच्या या बोलण्यात समीक्षा आहे. सवर्ण घरातल्या नटीने आमच्या बाईचे दुःख प्रामाणिकपणे अंगावर घेतले, हे तिचे श्रेय. ते नाकारण्याचा करंटेपणा मी करणार नाही. पण त्या पडद्यावरची आमची बाई मरते, नाही तर रडते. नामांतरासाठी तुरुंगात गेलेली, पोर कडेवर घेऊन मोर्चात चाललेली बाई त्या पडद्याला दिसली नाही. हा दोष एकट्या नटीचा कसा म्हणावा? कथा लिहिणारे, पैसा घालणारे, कॅमेरा धरणारे हात कुणाचे होते, हे पाहावे लागेल.

13 डिसेंबर 1986 रोजी स्मिता गेली; वय अवघे 31. विद्यापीठाला नाव मिळाले 14 जानेवारी 1994 रोजी. झुरियाचा टाहो तिने पडद्यावर आणून ठेवला. झुरिया उठून उभी राहिली, ती गोष्ट मात्र झुरियाच्या लेकींनीच सांगायची आहे.