याडीची भाषा कुणाच्या खात्यात?

आज आपल्याच जिल्ह्यातल्या एका भाषेबद्दल बोलू या, जिचं एक वाक्यही आपल्यातल्या पुष्कळ जणींना येत नाही. तुळजापूर, लोहारा, उमरगा या भागात बंजाऱ्यांचे तांडे आहेत. तांड्यावरच्या बाया बाजाराला येतात, आपल्याशी मराठीत भाव करतात आणि आपसांत बोलायला लागल्या की गोरमाटी सुरू होते. "काहीतरी हिंदी-गुजराती बोलतात," असं म्हणून आपण पिशवी उचलून पुढे जातो.

ती हिंदी नाही आणि गुजरातीही नाही. तिची नाळ राजस्थानी बोलींशी जुळते, म्हणून कानाला ओळखीची वाटते. "तुझं नाव काय आहे?" हे गोरमाटीत होतं "तारो नाम कांई छ?" आईला म्हणायचं याडी, भाकरीला बाटी. ही माणसं स्वतःला गोर म्हणतात आणि बाहेरच्यांना कोर. म्हणजे तांड्यावर गेलो की आपण कोर! लमाण, लंबाडी, सुगाळी ही नावं इतरांच्या तोंडची आहेत. आणि एक सांगून ठेवतो, कारण आपल्याकडे ही गल्लत नेहमी होते: वंजारी समाज वेगळा, बंजारा वेगळा.

राजस्थानाकडची भाषा बालाघाटाच्या डोंगरात आली ती बैलांच्या पाठीवरून. गोणी भरायच्या, बैलांवर लादायच्या आणि मुलखामुलखातून मीठ न् धान्य पोचवायचं, याला गोर लोक लदेणी म्हणतात. सतराव्या शतकात मुघल फौजा दख्खनेत उतरल्या तेव्हा त्यांचं धान्य पुरवणारे हेच. १८०३ च्या लढाईत इंग्रजांच्या फौजेलाही धान्य पुरवायला बंजाऱ्यांचेच बैल होते. बाया-मुलांसकट सगळा तांडा चालायचा. मग रेल्वे आली. आपल्या भागापुरतं सांगायचं तर बार्शीची छोटी गाडी १९११ साली लातूरपर्यंत गेली आणि माल डब्यातून जाऊ लागला. त्याच्या आधीच, १८७१ च्या कायद्याने इंग्रज सरकारने कितीतरी भटक्या जमातींवर जन्मजात गुन्हेगार असा शिक्का मारला होता. बंजाऱ्यांचे काही गटही त्यात ओढले गेले. तो शिक्का ३१ ऑगस्ट १९५२ ला कागदावरून पुसला. लोकांच्या मनातून किती पुसला, ते तांड्यावरच्या बायांना विचारा.

एवढं सगळं होऊन भाषा टिकली. तिला स्वतःची लिपी नाही, शाळा नाही. मग ती राहिली कुठे? आमचं उत्तर असं की ती बायांच्या गळ्यात राहिली.

तीज हा सण घ्या. श्रावणात तांड्यावरच्या लग्न न झालेल्या पोरी आधी नायकाकडे जाऊन परवानगी मागतात. मग टोपल्यांत वारुळाची माती घालून गहू पेरतात. रोज पाणी आणायचं, टोपल्यांना घालायचं आणि भोवती फेर धरून गाणी म्हणायची. गोकुळाष्टमीच्या सुमारास पिवळसर हिरवे कोंब हातभर होतात. ते भावांना, थोरामोठ्यांना द्यायचे आणि टोपल्या पाण्यात सोडायच्या. आपण तुळजाभवानीच्या नवरात्रात घट बसवून धान्य उगवतो, त्याच्याशी हे किती जवळचं आहे बघा. आई भवानी तर त्यांचीही आहेच. पण तीजेची गाणी मराठीत नाहीत, आणि ती कुठल्या पुस्तकातून पाठ होत नाहीत. मोठ्या बहिणीच्या मागं फेरात फिरता फिरता धाकटी शिकते. फेर मोडला की शिकवणी बंद.

याहून मोठी गोष्ट ढावलोची. लग्न होऊन सासरी निघालेली गोर मुलगी नुसती रडत नाही, ती रडणं गाते. आईच्या, काकीच्या, मैत्रिणीच्या गळ्यात पडून एकेकीला उद्देशून लांब सुरात म्हणायचं. तू मला कसं वाढवलंस, हा तांडा मला कसा सुटतोय, माझ्यामागं गुरांना पाणी कोण दाखवील, असं सगळं त्यात येतं. चाल जुनी असते, पण कुणाला काय म्हणायचं ते त्या मुलीने जुळवायचं. म्हणून लग्न ठरलं की म्हाताऱ्या बाया तिला जवळ बसवून ढावलो शिकवायच्या. शेवटी ती बैलाच्या पाठीवर उभी राहून, दोन्ही हात वर करून, बापाच्या घराचं भलं मागते. त्या गाण्याला हवेली म्हणतात. निघून जाणारी मुलगी मागं राहणाऱ्या घराला आशीर्वाद देते, ही रीत आम्हाला फार मोठी वाटते. आपल्याकडे मुलीने फक्त आशीर्वाद घ्यायचे असतात.

आता लग्न एका दिवसात, मंगल कार्यालयात, डीजे लावून होतं. पूर्वी नवरदेव कितीतरी दिवस मुलीच्या तांड्यावर मुक्कामाला असायचा, तेवढ्या दिवसांत शिकायला-गायला वेळ होता. आमच्या कार्यक्रमात आलेली एक आजी म्हणाली, नातीला रडू येतं पण शब्द येत नाहीत. शाळेत मराठी, मोबाईलवर हिंदी, आणि आईच म्हणते की घरातही मराठीच बोल, नाहीतर वर्गात मागं पडशील. त्या आईला दोष देणं सोपं आहे, आम्ही तो देणार नाही. वर्गात तिच्या लेकराला हसतात ते तिने पाहिलेलं असतं. खरं तर लहान मूल दोन भाषा सहज शिकतं, एक शिकायला दुसरी टाकावी लागत नाही. उमरग्यापलीकडे कर्नाटकात सोयरीक असलेल्या तांड्यांवर तर कित्येक बाया गोरमाटी, मराठी आणि कन्नड अशा तिन्ही भाषांत बाजार करतात.

फार लांब अमेरिकेत, न्यू मेक्सिको राज्यात, झुनी नावाचे लोक राहतात. ते दहा-एक हजार असतील, पण त्यांची भाषा जगातल्या दुसऱ्या कुठल्याच भाषेच्या कुळात बसत नाही. स्पॅनिश फौज १५४० मध्ये त्यांच्या गावांवर आली, तरी ते आपली जागा धरून राहिले आणि भाषा राहिली. आपल्या गोर लोकांनी उलटं केलं. जागा सोडत गेले, पण तांडा मोडू दिला नाही. झुनींचं वंशाचं नातं आईकडून चालतं आणि घरही बाईचं असतं, हे सांगितल्यावर आमच्या आजीबाई खूश झाल्या. त्यांचं स्वतःचं रेडिओ केंद्रही आहे म्हटल्यावर आम्ही खूश झालो.

गोरमाटी बोलणारे मात्र हजारांत नाहीत, लाखांत आहेत. २०११ च्या जनगणनेत लमाणी किंवा लंबाडी ही मातृभाषा सांगणारे ३२ लाख ७६ हजारांवर होते आणि बंजारी सांगणारे १५ लाख ८१ हजार. भाषा एकच, पण दोन नावांखाली दोन ढिगात. आणि हे दोन्ही ढीग शेवटी हिंदीच्या खात्यात जमा! राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत २२ भाषा आहेत, त्यांत गोरमाटी नाही. महाराष्ट्रात ती देवनागरीत लिहितात, तेलंगणात तेलुगू लिपीत, कर्नाटकात कन्नड लिपीत. त्यामुळे इकडच्या बहिणीने लिहिलेलं तिकडच्या बहिणीला वाचता येत नाही, वाचून दाखवलं तर मात्र सगळं कळतं. रेडिओचा उपयोग इथेच आहे.

जनगणनेच्या कागदावर मातृभाषेचा अर्थ सरळ लिहिलेला असतो: लहानपणी आई तुमच्याशी जी भाषा बोलली ती. शाळेत कुठली शिकलात ते त्यात नाही, राज्याची कुठली तेही नाही. इतर येणाऱ्या भाषांसाठी वेगळा रकाना असतो, मराठी तिथे सांगता येते. मागच्या वेळी ही मोजणी ९ ते २८ फेब्रुवारीला झाली होती. पुढची २०२७ च्या फेब्रुवारीत ठरली आहे. आणि फेब्रुवारीत आपल्याकडचे कितीतरी तांडे रिकामे असतात, कारण माणसं कोयता घेऊन ऊसतोडीला गेलेली असतात. तेव्हा तो मोजणारा गुरुजी कदाचित सांगली-कोल्हापूरकडच्या एखाद्या फडावर, कोपीच्या दारात उभा असेल. तो घाईत असेल आणि न विचारता मराठी किंवा हिंदी लिहून मोकळा होईल. बाई, हातातला कोयता खाली ठेव आणि त्याला विचार, मातृभाषेच्या रकान्यात काय लिहिलंस ते वाचून दाखव.