‘फॅक्टर’ : एक शब्द, अनेक शास्त्रे
(सुरतेच्या वखारीपासून वर्गातील फळ्यापर्यंत)

कम्युनिटी कॉलेजमध्ये येणारा विद्यार्थी बहुधा एका भाषेत वाढलेला असतो, दुसऱ्या भाषेत शाळा शिकलेला असतो आणि तिसऱ्या भाषेत त्याला व्यवसायाचे शिक्षण घ्यावयाचे असते. सुरत शहरात ही गोष्ट फार ठळकपणे दिसते. लिंबायत, उधना, डिंडोली या भागांत खानदेशातून आलेली हजारो मराठी कुटुंबे राहतात. महानगरपालिकेच्या शाळांतून गुजरातीबरोबरच मराठी, उर्दू, हिंदी, उडिया, तेलुगू अशा माध्यमांत शिक्षण दिले जाते. या शाळांतून बाहेर पडलेला मुलगा पुढे लेखाकर्म, वीजतंत्र किंवा प्रयोगशाळा-सहायक असा एखादा अभ्यासक्रम घेतो. तेथे त्याला अडवतात ते शब्द कठीण असतातच असे नाही. कठीण शब्द तो कोशात पाहतो. जो शब्द आपल्याला येतो असे त्याला वाटत असते, तोच शब्द दुसऱ्या तासाला निराळ्या अर्थाने येतो आणि त्याचा घोटाळा होतो. असा एक शब्द म्हणजे ‘फॅक्टर’. प्रस्तुत लेखात या एका शब्दाचा विचार केला आहे. सुरतेशी त्याचा संबंध चारशे वर्षांचा आहे, हे त्यामागचे एक कारण.

वखार की कारखाना?

इतिहासाच्या इंग्रजी पुस्तकात विद्यार्थी वाचतो की इंग्रजांनी १६१३ साली सुरतेत ‘फॅक्टरी’ स्थापन केली. ‘फॅक्टरी म्हणजे कारखाना’ हे त्याला पाठ असते. मग तो उत्तरपत्रिकेत लिहितो, ‘इंग्रजांनी सुरतेत कारखाना काढला.’ वाक्य व्याकरणशुद्ध आहे, पण इतिहास चुकला.

मूळ लॅटिन धातूचा अर्थ ‘करणे’ असा आहे. त्यावरून ‘फॅक्टर’ म्हणजे करणारा, दुसऱ्याच्या वतीने व्यवहार करणारा. परदेशी राहून मालकासाठी माल विकत घेणाऱ्या आणि विकणाऱ्या मुनिमाला युरोपात फॅक्टर म्हणत. असे फॅक्टर जेथे राहत, दफ्तर ठेवीत आणि माल साठवीत ती जागा म्हणजे फॅक्टरी. १६०८ साली कॅप्टन हॉकिन्स सुरतेस आला, १६१२ साली सुवालीच्या किनाऱ्याजवळ इंग्रज-पोर्तुगीज आरमारांची लढाई झाली आणि त्यानंतर जहांगीर बादशहाच्या परवानगीने इंग्रजांचे ठाणे येथे कायम झाले. या ठाण्यात एक वारही कापड विणले जात नव्हते. कापड विणले जाई ते सुरत, भडोच, नवसारी परिसरातील विणकरांच्या घरी. कंपनीचे लोक स्थानिक दलालांमार्फत आगाऊ रक्कम देऊन ते कापड गोळा करीत आणि जहाजांवर चढवीत. पुढे डचांनी आणि १६६८ मध्ये फ्रेंचांनीही येथे अशीच ठाणी उभारली.

कंपनीच्या नोकरीत ‘फॅक्टर’ हा हुद्दाही होता. नवा पोरगा ‘रायटर’ म्हणून लागे, मग फॅक्टर होई आणि त्यानंतर ‘मर्चंट’च्या पायऱ्या चढे. (येथे ‘रायटर’ म्हणजे लेखक नव्हे, तर कारकून. कोलकात्याची रायटर्स बिल्डिंग साहित्यिकांची होती असे समजणारे विद्यार्थी भेटतात, त्यात त्यांचा दोष नाही.)

आपल्या भाषांनी मात्र येथे घोटाळा केलेला नाही. मराठीत सुरतेची ‘वखार’, राजापूरची ‘वखार’ असाच शब्द रुळला. १६६४ च्या जानेवारीत छत्रपती शिवाजी महाराजांनी सुरतेवर स्वारी केली, तेव्हा जॉर्ज ऑक्झेंडन याने इंग्रजांची वखार लढवली, असे मराठी पाठ्यपुस्तके सांगतात. गुजरातीत आणि उर्दूत ‘कोठी’ म्हणतात. दोन्ही शब्द अगदी योग्य आहेत, कारण दोन्हींत साठवणीचा अर्थ आहे. अडचण एवढीच की आजच्या मुलाला वखार म्हटले की लाकडाची वखार आठवते. तेव्हा अध्यापकाने दोन वाक्यांत वखारीचे वर्णन केले तर बरे.

‘कारखाना’ हा शब्द तरी कोठे एका अर्थावर थांबला आहे? मराठेशाहीतील ‘अठरा कारखान्यां’त जवाहीरखाना आणि पीलखाना येत, म्हणजे रत्नांचे भांडार आणि हत्तींचा तबेला. किल्ल्यावरचा ‘कारखानीस’ रसद आणि सामग्रीचा हिशेब पाही, तो यंत्रे चालवीत नसे. सुरतेच्या मोगल अधिकाऱ्याला ‘मुतसद्दी’ म्हणत. तोच शब्द मराठीत ‘मुत्सद्दी’ होऊन राजकारणी माणसाला लागला. शब्दांचे स्थलांतर ही फक्त इंग्रजीची खोड नाही, हे विद्यार्थ्याला अशा उदाहरणांनी पटते.

कायद्याच्या पुस्तकातील फॅक्टरी

यंत्रयुगात ‘फॅक्टरी’ला उत्पादनाच्या जागेचा अर्थ चिकटला आणि वखारीचा अर्थ मागे पडला. परंतु कायद्याने त्यावर आणखी एक अर्थ बसवला, आणि आपल्या विद्यार्थ्यांच्या दृष्टीने तोच सर्वांत महत्त्वाचा आहे. १८८१ च्या पहिल्या कायद्यात यंत्रशक्तीवर चालणारी आणि किमान १०० कामगार असलेली जागाच फॅक्टरी ठरत होती. १८९१ मध्ये ही संख्या ५० झाली. १९४८ च्या फॅक्टरीज ॲक्टने ती यंत्रशक्ती असेल तर १० आणि नसेल तर २० अशी केली. २०२० च्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कामाची परिस्थिती संहितेने हे आकडे अनुक्रमे २० आणि ४० वर नेले. ही संहिता २०२५ च्या नोव्हेंबरपासून लागू झाली आहे.

सुरतेत पॉवरलूमच्या शेडला सगळेच ‘कारखाना’ किंवा ‘खाता’ म्हणतात. बारा माणसे काम करीत असलेली शेड १९४८ च्या व्याख्येत बसत होती, पण २०२० च्या व्याख्येत बसत नाही. शेड तीच, माग तेच, माणसेही तीच. फॅक्टरीसाठी असलेल्या खास तरतुदी आपल्याला लागू आहेत की नाहीत, हे त्या माणसांना व्याख्या वाचूनच ठरवावे लागते. कायद्याच्या पुस्तकात व्याख्यांचे कलम आरंभीच असते आणि वर्गात नेमके तेच गाळले जाते, हे खेदाने नमूद करावे लागते.

वाणिज्य शाखेत फॅक्टरचा जुना, वखारीतील अर्थ अजून जिवंत आहे. भारतीय करार अधिनियम, १८७२ च्या कलम १७१ मध्ये बँकर, फॅक्टर, व्हार्फिंजर, उच्च न्यायालयाचे ॲटर्नी आणि पॉलिसी-दलाल यांना सर्वसाधारण धारणाधिकार दिला आहे. म्हणजे हिशेबाची बाकी फिटेपर्यंत ताब्यातील माल रोखून ठेवण्याचा हक्क. येथे फॅक्टर म्हणजे माल ताब्यात घेऊन विकणारा प्रतिनिधी. कापड बाजारातील आडत्या आणि दलाल यांतील फरक ज्याला ठाऊक आहे, त्याला हे कलम चटकन समजते. आडत्याच्या हाती माल असतो, दलाल नुसती गाठ घालून देतो. २०११ च्या फॅक्टरिंग कायद्यातील फॅक्टर मात्र निराळा. तो व्यापाऱ्याच्या उधारीची येणी विकत घेऊन त्याला आधी रोख देणारी वित्तसंस्था आहे. एकाच अभ्यासक्रमात हे दोन फॅक्टर येतात आणि दोहोंची गल्लत होते.

अवयव, घटक आणि आमिल

गणितात १२ चे फॅक्टर १, २, ३, ४, ६ आणि १२. मराठीत आपण यांना ‘अवयव’ म्हणतो, गुजरातीतही अवयवच. अर्थशास्त्रात भूमी, श्रम, भांडवल आणि संयोजक हे उत्पादनाचे फॅक्टर, तेथे मराठी शब्द ‘घटक’. मराठी माध्यमातून आलेल्या मुलाच्या डोक्यात या दोन कल्पना वेगळ्या खणांत ठेवलेल्या असतात. इंग्रजी माध्यमात आल्यावर दोन्ही खणांवर एकच चिठ्ठी लागते. उलट मराठीत ‘अवयव’ या शब्दावर गणित आणि जीवशास्त्र या दोघांचा हक्क आहे. तेथे इंग्रजी दोन शब्द वापरते. हिशेब सारखाच झाला.

उर्दू माध्यमाच्या विद्यार्थ्याजवळ तर एक मौल्यवान किल्ली आहे. उर्दूत गणितातील अवयवांना ‘अज्ज़ा-ए-ज़र्बी’ म्हणतात, म्हणजे गुणाकाराचे भाग. अर्थशास्त्रातील घटकांना मात्र ‘आमिलीन-ए-पैदाइश’. ‘आमिल’ हा शब्द अरबी ‘अमल’ वरून आला असून त्याचा अर्थ ‘करणारा’ असाच आहे. लॅटिन फॅक्टर आणि अरबी आमिल यांचा काहीही वंशसंबंध नाही, तरी दोघांची घडण तंतोतंत एक आहे. मोगल काळात महसूल वसूल करणारा अधिकारीही आमिल होता, आणि अरबी व्याकरणात दुसऱ्या शब्दाचे रूप ठरवणारा शब्दही आमिलच. मराठीतील ‘अंमल’, ‘अंमलदार’, ‘अंमलबजावणी’ हे शब्द याच घरातले. (भांगेचा अंमल चढतो तोही.) ‘परिणाम घडवून आणणारा तो फॅक्टर’ ही व्याख्या अंमलदारावरून समजावली, तर मराठी आणि उर्दू अशा दोन्ही माध्यमांच्या मुलांना ती पटते. रक्त गोठण्याच्या क्रियेतील फॅक्टर, रोगाचे ‘रिस्क फॅक्टर’, मानसशास्त्रात स्पिअरमनने १९०४ साली मांडलेला सामान्य बुद्धीचा फॅक्टर, हे सारे याच जातीचे.

गणिताचा फॅक्टर मात्र या जातीचा राहिला नाही. तो ‘गुणाकार करणारा’ एवढ्यावर आकुंचित झाला. म्हणून ‘आठचे फॅक्टर’ विचारले तर उत्तर १, २, ४, ८ असे येते. परिचर्येच्या वर्गात ‘फॅक्टर आठ’ म्हटले की ते रक्तातील एक प्रथिन असते, ज्याच्या अभावी हिमोफिलिया ‘ए’ हा रोग होतो. तेथील आठ हा केवळ अनुक्रमांक. या मालिकेत एक ते तेरापर्यंत क्रमांक आहेत आणि सहावा वापरातच नाही.

आकडा झालेला फॅक्टर

प्रत्यक्ष नुकसान होते ते येथे. ‘रिड्यूस्ड बाय अ फॅक्टर ऑफ फोर’ याचा अर्थ चारने वजा असा नाही. १०० चे २५ झाले, ९६ नव्हे. प्रयोगशाळेत ‘डायल्यूशन फॅक्टर १०’ म्हणजे एक भाग नमुना आणि नऊ भाग द्रावक, मिळून दहा. दहा भाग द्रावक ओतला तर फॅक्टर ११ होतो आणि रुग्णाच्या अहवालातील आकडा चुकतो. हे फळ्यावर सांगून भागत नाही. मोजपात्र हातात देऊन करून घ्यावे.

वीजतंत्राच्या विद्यार्थ्याला ‘पॉवर फॅक्टर’ भेटतो. मागाच्या मोटारी विजेच्या तारांतून जेवढी वीज खेचतात त्यातील सगळी कामी लागत नाही. काही भाग मोटारीतील चुंबकक्षेत्र उभे करण्यासाठी नुसता ये-जा करीत राहतो. प्रत्यक्ष कामाचे ८० किलोवॅट आणि खेचलेले १०० केव्हीए, तर पॉवर फॅक्टर ०.८. त्याच कामासाठी तारांतून आता २५ टक्के जास्त प्रवाह वाहतो, म्हणून वीज कंपन्या मोठ्या ग्राहकांच्या बिलात कमी पॉवर फॅक्टरबद्दल दंड लावतात. कपॅसिटर बसवला की हा आकडा सुधारतो. ‘पॉवर फॅक्टर’ म्हणजे ‘शक्तीचा घटक’ असे ज्याने लिहून घेतले, त्याला बिलातील ती ओळ कधीच कळणार नाही. हे गुणोत्तर आहे आणि ते एकापेक्षा मोठे होऊ शकत नाही. याउलट क्रेनच्या दोराचा ‘फॅक्टर ऑफ सेफ्टी’ एकापेक्षा मोठाच असावा लागतो. दोर ५ टनांवर तुटत असेल आणि त्यावर १ टनच टांगायचा असेल, तर तो ५.

अर्थ ओळखावा कसा? शेजारचे शब्द पाहावेत. ‘ऑफ’पुढे पूर्णसंख्या असेल आणि भागाकाराची गोष्ट चालली असेल तर अवयव. ‘बाय अ फॅक्टर ऑफ’ असेल तर पट. मागे विशेषण आणि पुढे दशांश अपूर्णांक असेल तर गुणोत्तर. व्यक्तीप्रमाणे काही विकत घेत, ठेवून घेत, रोखून धरत असेल तर आडत्या किंवा वित्तसंस्था. बाकी ठिकाणी बहुधा घटक. महाराष्ट्र शासनाच्या भाषा संचालनालयाने विषयवार परिभाषा कोश प्रसिद्ध केले आहेत. त्यांतील अर्थशास्त्राचा आणि गणितशास्त्राचा असे दोन खंड शेजारी उघडून एकच शब्द दोहोंत शोधायला लावणे हा उत्तम पाठ होतो. सर्वसाधारण इंग्रजी-मराठी कोशात सात अर्थ ओळीने दिलेले असतात आणि विद्यार्थी पहिला उचलतो.

वर्गासाठी एक लहान अभ्यास सुचवतो. पुढील चार वाक्ये इंग्रजीत फळ्यावर लिहावीत आणि प्रत्येकाने आपापल्या शाळेच्या भाषेत उतरवावीत : ऑक्झेंडनच्या हाताखालच्या फॅक्टरांनी सुरतेत कापड खरेदी केले, तीन हा एकवीसचा फॅक्टर आहे, मजुरी हा किमतीवर परिणाम करणारा एक फॅक्टर आहे, या शेडचा पॉवर फॅक्टर ०.७ आहे. मराठी, उर्दू आणि गुजराती उत्तरे फळ्यावर तीन रकान्यांत मांडली की कोणत्या भाषेने कोठे वेगळा शब्द वापरला ते दिसते. चौथ्या वाक्यात बहुधा तिन्ही रकान्यांत ‘पॉवर फॅक्टर’ असेच राहील. ते राहू द्यावे, आणि पुढच्या तासाला विजेचे एक बिल वर्गात आणावे.