ड्रॉइंग अडते कुठे? नेटमध्ये की फाँटमध्ये?

कबनूर (ता. हातकणंगले) : इचलकरंजीला लागून वसलेल्या कबनूरचे दैनंदिन जीवन यंत्रमागाच्या खडखडाटाशी बांधलेले आहे. विठ्ठलराव दातार यांनी १९०४ मध्ये इचलकरंजीत पहिला यंत्रमाग सुरू केला आणि पुढे आसपासच्या गावांचे अर्थकारण याच धंद्याभोवती उभे राहिले. मागाला सुटे भाग लागतात, शेडला आराखडा लागतो. शिरोली आणि गोकुळ शिरगावच्या औद्योगिक वसाहतींतील फाउंड्री व मशीनशॉपमध्ये तर ड्रॉइंगवाचून पान हलत नाही. पूर्वी निळ्या छापाच्या कागदावर हातोहात येणारे हे ड्रॉइंग आता संगणकावर तयार होते आणि इंटरनेटवरून पोहोचते.

या प्रवासात दोन तक्रारी हमखास ऐकू येतात. 'फाइल येतच नाही' ही पहिली आणि 'फाइल आली, पण अक्षरे वाचता येत नाहीत' ही दुसरी. दोन्हींचे खापर बहुधा नेटवरच फोडले जाते. वास्तविक या दोन दुखण्यांची मुळे वेगळी आहेत आणि उपायही वेगळे आहेत. मंद नेट फाइल उशिरा आणते, पण पूर्ण उतरलेल्या फाइलमधील अक्षर बदलत नाही. अर्धवट उतरलेली फाइल सहसा उघडतच नाही. त्यामुळे फाइल व्यवस्थित उघडली, रेषा जागच्या जागी दिसल्या आणि फक्त अक्षरे बिघडली, तर दोष फाँटमध्ये शोधावा.

वेग मोजताना

नेटच्या जाहिरातीतील वेग 'मेगाबिट'मध्ये असतो, तर फाइलचा आकार 'मेगाबाइट'मध्ये. आठ बिट मिळून एक बाइट होतो. म्हणजे १०० मेगाबिटच्या जोडणीवर सेकंदाला जास्तीत जास्त साडेबारा मेगाबाइट उतरतात. हे गणित ठाऊक नसल्याने अनेकांना फसवले गेल्यासारखे वाटते.

दुसरी बाब म्हणजे डाउनलोड आणि अपलोड यांचे वेग वेगळे असू शकतात. ड्रॉइंग पाठवणाऱ्याला अपलोडचा वेग महत्त्वाचा असतो. ३० मेगाबाइटची फाइल २ मेगाबिट वेगाने पाठवण्यास सुमारे दोन मिनिटे लागतात. तीच फाइल २५६ किलोबिट वेगाने पाठवण्यास पंधरा मिनिटांहून अधिक वेळ जातो. हा २५६ किलोबिटचा वेग म्हणजे २००४ च्या धोरणानुसार देशातील ब्रॉडबँडची किमान मर्यादा होती. डाउनलोडची ही किमान मर्यादा जानेवारी २०२३ मध्ये २ मेगाबिट करण्यात आली.

चाचणी घेण्यासाठी 'स्पीडटेस्ट' किंवा 'फास्ट डॉट कॉम' ही संकेतस्थळे आहेत. मोबाइलच्या नेटसाठी दूरसंचार नियामक प्राधिकरणाचे (ट्राय) 'मायस्पीड' हे अॅपही आहे. मात्र चाचणीला शिस्त हवी. संगणक राउटरला केबलने जोडावा, इतर उपकरणांवरील डाउनलोड थांबवावे आणि सकाळी, दुपारी व रात्री अशा तीन वेळा मोजणी करावी. डाउनलोड, अपलोड आणि मिलिसेकंदात मोजला जाणारा 'पिंग' असे तिन्ही आकडे तारीख-वेळेसह नोंदवावेत. केबलवर वेग पुरेसा आणि वाय-फायवर कमी आढळल्यास दोष राउटरच्या जागेत असतो. लोखंडी पत्रे आणि यंत्रे रेडिओ लहरी अडवतात, हे शेडमध्ये राउटर बसवताना ध्यानात घ्यावे. केबलवरही वेग कमी असेल, तर सेवा देणाऱ्या कंपनीकडे या नोंदींसह तक्रार करता येते.

अक्षरे का बिघडतात?

ऑटोकॅडसारख्या सॉफ्टवेअरच्या फाइलमध्ये मजकूर साठवला जातो आणि सोबत फाँटचे फक्त नाव असते. अक्षरांचे आकार त्या फाइलमध्ये नसतात. ते उघडणाऱ्याच्या संगणकात असावे लागतात. नसल्यास सॉफ्टवेअर हाताशी असलेला दुसरा फाँट लावते. मग कुठे अक्षरांची रुंदी बदलून ओळी चौकटीबाहेर जातात, कुठे प्रश्नचिन्हे, तर कुठे रिकामे चौकोन दिसतात.

ही बाब केवळ दिसण्यापुरती नाही. व्यास, खोली यांसारख्या खुणांसाठी ऑटोकॅडमध्ये 'जीडीटी' नावाचा फाँट वापरला जातो. त्यात इंग्रजी 'एन' या अक्षराच्या जागी व्यासाची खूण, तर 'एक्स'च्या जागी खोलीची खूण असते. हा फाँट लागला नाही की खुणा जाऊन मूळ अक्षरे उरतात. '८ व्यासाचे, २० खोल छिद्र' ही सूचना मग 'एन ८ एक्स २०' अशी दिसते आणि घाईत '८ गुणिले २०' अशी वाचली जाऊ शकते. प्रश्नचिन्ह निदान वाचणाऱ्याला थांबवते, पण असे अर्थपूर्ण भासणारे अक्षर थांबवत नाही. त्याची किंमत वाया गेलेल्या जॉबच्या रूपाने मोजावी लागते.

मराठी मजकुराचा पेच

घराच्या किंवा शेडच्या नकाशावर मराठीत लिहिलेले मालकाचे नाव आणि गट क्रमांक दुसऱ्या संगणकावर इंग्रजी अक्षरांची खिचडी होऊन उमटतात, हा अनुभव जुना आहे. युनिकोड रुळण्यापूर्वीच्या मराठी फाँटमध्ये रोमन अक्षरांच्या जागांवर देवनागरीचे तुकडे बसवलेले असत. तो विशिष्ट फाँट नसला की खालची रोमन अक्षरे उघडी पडतात. १९९१ मध्ये आलेल्या युनिकोडने देवनागरीच्या प्रत्येक वर्णाला स्वतंत्र क्रमांक दिला आणि विंडोज २००० सोबत 'मंगल' हा युनिकोड फाँट आला. तथापि, जुन्या मजकुराला नुसता मंगल लावून भागत नाही. तो मजकूर परिवर्तकातून युनिकोडमध्ये आणावा लागतो आणि रफार, जोडाक्षरे डोळ्यांखालून घालावी लागतात. ऑटोकॅडचे 'एसएचएक्स' प्रकारातील रेषांचे फाँट इंग्रजी अक्षरे व आकड्यांसाठी सोयीचे असले, तरी देवनागरी जोडाक्षरे त्यांना पेलत नाहीत. मराठीसाठी युनिकोडचा ट्रूटाइप फाँटच वापरावा.

पाठवण्यापूर्वी आणि कामाला लावण्यापूर्वी

पाठवणाऱ्याने ऑटोकॅडमधील 'ई-ट्रान्समिट' ही आज्ञा वापरल्यास ड्रॉइंग, त्याला जोडलेल्या फाइली आणि फाँट यांचे एकत्र गाठोडे बांधता येते. ट्रूटाइप फाँटवर मालकी हक्क असतात, म्हणून तो वापरण्याचा परवाना समोरच्याकडे आहे याची खात्री करावी. त्याच ड्रॉइंगची फाँटसह पीडीएफ प्रत सोबत द्यावी. पाठवणाऱ्याने जे पाहिले, तेच त्या प्रतीत दिसते.

घेणाऱ्याने सोबत आलेले एसएचएक्स फाँट ड्रॉइंगच्याच फोल्डरमध्ये ठेवून फाइल पुन्हा उघडावी. 'फाँटअल्ट' या व्यवस्थेने पर्यायी फाँट ठरवून ठेवता येतो. मात्र अक्षरे दिसू लागली म्हणजे खुणाही बरोबर आल्या, असे गृहीत धरू नये. जॉब यंत्रावर चढवण्यापूर्वी प्रत्येक माप पीडीएफ प्रतीशी ताडून पाहावे आणि शंका येताच पाठवणाऱ्याला फोन करावा. या पडताळणीला काही मिनिटे लागतात, पण चुकीचे पडलेले छिद्र पुन्हा बुजवता येत नाही.