सूप, सोपारा आणि सोझाकर

विरार लोकलच्या दारात लोंबकळणाऱ्याला 'नालासोपारा' हे एकच नाव वाटतं. नाळा आणि सोपारा ही मुळात दोन गावं. रेल्वेनं एका स्टेशनासाठी त्यांची गाठ मारली, ती आता सुटायची नाही.

सोपाऱ्याचं संस्कृत रूप शूर्पारक. शूर्प म्हणजे आपलं धान्य पाखडायचं सूप. परशुरामासाठी समुद्रानं मोकळी केलेली भूमी ती शूर्पारक, असं महाभारत सांगतं. पण कार्ल्याच्या लेण्यात एका दात्याचं गाव 'सोपारक' असं कोरलं आहे. म्हणजे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीच हे नाव लोकांच्या तोंडी घासून गुळगुळीत झालं होतं. पुढं गळला तो फक्त एक 'क'.

इथल्या एका टेकाडाला गावकरी 'बुरूड राजाचा कोट' म्हणत. पंडित भगवानलाल इंद्रजींनी १८८२ मध्ये ते खणलं, तेव्हा आत विटांचा बौद्ध स्तूप निघाला. त्याच साली सोपाऱ्यात अशोकाच्या आठव्या लेखाचा तुकडा सापडला. नवव्याचा तुकडा १९५६ मध्ये जवळच्या भुईगावला मिळाला. मला मात्र त्या बुरूड राजाचं कौतुक वाटतं. बुरूड म्हणजे बांबूची सुपं-टोपल्या विणणारा. स्तूप विसरला गेला, सोपाऱ्याचं बंदर गाळानं बुजलं, तरी नावातलं सूप कुणीतरी ओळखलं आणि त्याला शोभेल असा राजा शोधून काढला, असंच मी धरून चालतो.

शेजारच्या वसईचं नाव वास, वसती यांच्या कुळातलं धरतात. १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाकडून ती पोर्तुगीजांकडे गेली आणि त्यांच्या नाकातल्या उच्चारानं 'बासाईं' झाली, जशी मुंबई 'बोंबाईं' झाली. इंग्रजांनी तिचं 'बसीन' केलं. ब्रह्मदेशातल्या पाथेनलाही ते बसीनच म्हणत.

यात एक नाव अगदीच अल्पायुषी ठरलं. मे १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी किल्ला घेतला आणि थोरल्या बाजीरावांच्या नावानं गावाचं 'बाजीपूर' झालं. पुढं ३१ डिसेंबर १८०२ रोजी त्याच बाजीरावांच्या नातवानं, दुसऱ्या बाजीरावानं, इथं इंग्रजांशी तह केला. तो इतिहासात गेला 'वसईचा तह' म्हणूनच. जिंकणाऱ्याचं नाव त्याच्या घरातही टिकलं नाही.

वसईतल्याच रमेदीचं उलट झालं. तिथल्या चर्चची माउली पोर्तुगिजांची 'रेमेदियुश', म्हणजे उपाय करणारी. तिच्या नावावर कुणी फर्मान काढलं नाही. नवस बोलता बोलता ते वस्तीचं नाव झालं.

आडनावांची गंमत आणखी वेगळी. पोर्तुगीजांच्या काळात धर्मांतर करताना बहुधा धर्मपित्याचं किंवा पाद्र्याचं आडनाव मिळे. त्यामुळं वसईच्या केळीच्या वाड्यांत पेअरच्या झाडाचे परेरा आले. मच्याडो म्हणजे कुऱ्हाड, थोडक्यात आपले कुऱ्हाडे. फरेरा लोखंडाशी नातं सांगतो. लोपीस म्हणजे लोपोचा मुलगा, आणि लोपोच्या मुळाशी लॅटिनमधला लांडगा. लांडगे घराण्यानं सोयरीक जुळवायला हरकत नाही! रॉड्रिग्ज, घोन्साल्विस, फर्नांडिस यांतलं शेपूटही 'अमक्याचा मुलगा' असंच सांगतं.

'द' लागलेली आडनावं तर थेट आपल्या '-कर'च्या पंगतीतली. डिसोझा म्हणजे सोझाकर आणि दिब्रिटो म्हणजे ब्रिटोकर. वसई तालुक्यातल्या नंदाखालचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो २०२० मध्ये उस्मानाबादच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले, तेव्हा ते ख्रिस्ती धर्मगुरू म्हणून पुष्कळ धुरळा उडाला. 'सुबोध बायबल' मराठीत लिहिणारा माणूस परका ठरत होता. पुढं तीन वर्षांनी संमेलनाच्या गावाचंच नाव बदलून धाराशिव झालं.

वसईतले सामवेदी ख्रिस्ती स्वतःला कुपारी म्हणवतात. हा शब्द पोर्तुगीज 'कोंपाद्र'वरून आला, असं मानतात. मुलाचा जन्मदाता आणि बाप्तिस्म्यातला धर्मपिता एकमेकांना जी हाक मारतात, ती ही हाक. आडनाव ज्याच्याकडून आलं, त्याच नात्याचा शब्द पुढं अख्ख्या समाजाचं नाव झाला. कुपाऱ्यांची घरातली बोली मात्र कादोडी. ती सामवेदी ब्राह्मणांच्या घरांतही बोलली जाते, आणि तिथं परेरा कुणी नसतो.