मागच्या चाकांची झीज

पंधरा वर्षं वापरलेल्या गाडीचं मागचं चाक काढलं की दोन्हीकडचे ब्रेक पॅड सारखेच झिजलेले क्वचितच दिसतात. आतला पॅड पत्र्याला टेकलेला असतो आणि बाहेरचा निम्मा शिल्लक. किंवा डावीकडचे दोन्ही संपलेले आणि उजवीकडचे बरेचसे नवे. मेकॅनिक म्हणतो, "पॅड संपलेत साहेब, नवे टाकून देतो." नवे पडतात, चार-सहा महिने बरे जातात, आणि पुन्हा तोच आवाज, पुन्हा तेच चाक गरम. जुन्या गाडीचे मागचे पॅड वापराने कमी आणि दुर्लक्षाने जास्त संपतात. म्हणून पॅड कोणता घ्यायचा या प्रश्नाआधी, जुना पॅड असा का झिजला, हे विचारायला हवं. गॅरेजमध्ये हा प्रश्न फारच कमी वेळा विचारला जातो.

मागच्या ब्रेककडे दुर्लक्ष व्हायला कारण आहे. ब्रेक दाबला की गाडीचं वजन पुढे झुकतं, पुढची चाकं रस्त्यावर दाबली जातात आणि मागची हलकी होतात. त्यामुळे थांबवण्याचं दोन तृतीयांश किंवा त्याहून जास्त काम पुढचे ब्रेक करतात. मागच्यांना कष्ट कमी, उष्णता कमी, झीजही कमी. मारुती ८००, सँट्रो, इंडिका या गाड्यांना मागे ड्रम आणि लायनरच होते, आणि आजही बहुतेक लहान गाड्यांना तेच असतात. ड्रम बंद असतो, पाऊस-चिखल आत कमी जातो. मागे डिस्क असलेल्या गाड्या आपल्याकडे वरच्या किमतीत आल्या. छत्रपती संभाजीनगरजवळच्या शेंद्र्यात २००१ पासून तयार होऊ लागलेली स्कोडा ऑक्टेव्हिया, तिच्यानंतरची लॉरा, २००६ ची होंडा सिव्हिक. या गाड्या आज दुसऱ्या-तिसऱ्या मालकाकडे आहेत. हौसेने घेतलेल्या, जपून चालवलेल्या, आणि बऱ्याचदा जिथे ओळख असेल त्या गॅरेजवर अवलंबून असलेल्या. मागच्या पॅडचा प्रश्न खरा इथे येतो.

या गाड्यांमध्ये मागच्या कॅलिपरवर, म्हणजे पॅड डिस्कवर आवळणाऱ्या भागावर, दोन कामं सोपवलेली असतात. पायाने ब्रेक दाबला की ऑइलच्या दाबाने पिस्टन पुढे येतो आणि पॅड डिस्कवर आवळतो. हँडब्रेक ओढला की केबल कॅलिपरच्या पाठीवरची एक छोटी दांडी फिरवते, ती आतला आट्यांचा स्क्रू फिरवते, आणि तोच पिस्टन ऑइलशिवाय पुढे सरकतो. पॅड झिजेल तसा हा स्क्रू आपोआप जुळवून घेतो. रचना सुंदर आहे, पण तिच्यात हलणारे भाग पुष्कळ आहेत आणि ते सगळे चाकाच्या मागे, चिखलाच्या थेट वाटेवर. दांडीच्या रबरी टोपीला चीर पडली की पाणी आत जातं. कोकणात किंवा मुंबईत चार पावसाळे गेले की दांडी जड होते आणि हँडब्रेक सोडल्यावर पूर्ण मागे येत नाही. मग गाडी थोडासा ब्रेक लागलेल्या अवस्थेतच पळत राहते. चालवणाऱ्याला कळत नाही. पेट्रोल किंवा डिझेल थोडं जास्त जातं, इतकंच.

दुसरं दुखणं कॅलिपरच्या पिनांचं. हा कॅलिपर दोन पिनांवर मागेपुढे सरकतो. पिस्टन एकाच बाजूला असतो. तो आतला पॅड दाबतो, आणि मग कॅलिपर स्वतः सरकून बाहेरचा पॅड डिस्ककडे ओढतो. पिना सुकल्या, गंजल्या, की कॅलिपर सरकत नाही आणि सगळं काम आतल्या पॅडवर येतं. आतला संपलेला आणि बाहेरचा शाबूत असेल तर पहिला संशय पिनांवर. पॅड तिरका झिजला असेल, म्हणजे एका टोकाला जाड आणि दुसऱ्या टोकाला पातळ, तर एक पिन अडकलेली असते किंवा पॅडच आपल्या खाचेत गंजाने धरलेला असतो. एका चाकाचे दोन्ही पॅड संपले आणि दुसऱ्या चाकाचे तसेच असतील, तर संपलेल्या बाजूची हँडब्रेकची दांडी किंवा केबल तपासा. जुना पॅड फेकण्याआधी दोन मिनिटं हातात धरून बघितला तर कॅलिपरबद्दल बरंच काही कळतं. माझ्या मते मेकॅनिकने काढलेले जुने चारही पॅड, कुठला कुठल्या बाजूचा ते सांगून, ग्राहकाला दाखवायलाच हवेत.

डिस्कचाही विचार करावा लागतो. रात्रभर पावसात उभ्या गाडीच्या डिस्कवर सकाळी तांबूस गंज दिसतो, तो चार ब्रेक मारले की निघून जातो. पण मागच्या डिस्कवर पॅड हलकेच घासतात आणि आठवडाभर उभ्या राहणाऱ्या गाडीत तेवढंही होत नाही. गंज खोल जातो, पृष्ठभागावर खड्डे पडतात आणि नवा पॅडही त्यावर खरखरत झिजतो. डिस्कच्या कडेवर किंवा मध्यभागी कमीत कमी जाडीचा आकडा कोरलेला असतो. पहिल्या ऑक्टेव्हियाच्या मागच्या डिस्कची जाडी नवी असताना ९ मिलिमीटर, बाद करायची मर्यादा ७. म्हणजे झिजायला मिळतात एकूण दोनच मिलिमीटर. डिस्क लेथवर 'कट मारून' सपाट करायचा सल्ला मिळाला, तर आधी मोजायला सांगा. कट मारल्यावर जाडी मर्यादेखाली जाणार असेल तर नवी डिस्क घेणंच शहाणपणाचं, आणि ती जोडीनेच.

आता पॅड. ब्रेकला मऊ अस्तर लावायची कल्पना गाडीच्या पहिल्या लांब प्रवासातलीच आहे. १८८८ च्या ऑगस्टमध्ये बर्था बेंझ आपल्या दोन मुलांना घेऊन जर्मनीतल्या मानहाइमहून फोर्झहाइमला गाडीने निघाल्या. उतारांवर लाकडी ब्रेक झिजू लागले, तेव्हा वाटेत त्यांनी एका चांभाराकडून त्यांना चामडं ठोकून घेतलं. झिजणारा भाग स्वस्त आणि बदलता येईल असा ठेवायचा, हे तत्त्व तेव्हापासून बदललेलं नाही. पॅडने झिजावं, डिस्कने नाही. दुकानात "मेटलचा घ्या, आयुष्यभर जाईल" असं सांगितलं जातं तेव्हा हे आठवावं. जो पॅड झिजत नाही, तो डिस्क खातो.

ढोबळ तीन जाती असतात. धातूचं प्रमाण कमी असलेला सेंद्रिय पॅड शांत आणि डिस्कवर सौम्य असतो, पण फार तापल्यावर त्याची पकड घटते. सेमी-मेटॅलिकमध्ये लोखंडाची पूड आणि तंतू असतात. तो उष्णता सोसतो, पण थोडा आवाज करतो, डिस्क जास्त घासतो आणि चाकाच्या रिमवर काळी धूळ टाकतो. सिरॅमिक स्वच्छ, शांत आणि महाग. मागच्या चाकांसाठी माझा कौल साधा आहे: कंपनीने मुळात जो दिला, त्याच्या जवळचा. मागे फार तापमान चढत नाही, त्यामुळे प्रचंड उष्णतेसाठी बनवलेल्या पॅडचा तिथे उपयोग नाही. तो गारच राहतो आणि गार असताना धरत नाही. आणि मागे फार जोरदार पकडीचा पॅड तर मुळीच नको. ज्या जुन्या गाडीत एबीएस नाही, तिथे ओल्या रस्त्यावर मागची चाकं पुढच्यांच्या आधी जाम झाली तर गाडीचा मागचा भाग फिरतो. घाटात वळणावर हे झालं तर सावरायला वेळ मिळत नाही. 'मागे अजून चांगले ब्रेक' ही कल्पना ऐकायला चांगली वाटते, पण गाडीचा तोल पुढच्या-मागच्या पकडीच्या प्रमाणावर असतो, आणि ते प्रमाण ती बनवणाऱ्या अभियंत्यांनी ठरवलेलं असतं.

चांगल्या पॅडच्या पाठीवर किंवा कडेवर काही अक्षरं छापलेली असतात, ती वाचावीत. इंग्रजीतली दोन अक्षरं, म्हणजे 'ईई', 'एफएफ' किंवा 'जीजी', घर्षणाचा गुणांक सांगतात: 'ई' म्हणजे ०.२५ ते ०.३५, 'एफ' म्हणजे ०.३५ ते ०.४५, 'जी' म्हणजे ०.४५ ते ०.५५. पहिलं अक्षर साधारण तापमानाचं, दुसरं तापल्यावरचं. 'एफई' लिहिलं असेल तर पॅड तापल्यावर सैल पडतो असं समजावं. युरोपीय बाजारासाठी मंजूर झालेल्या पॅडवर वर्तुळात 'ई' आणि एक आकडा, आणि 'आर-९०' हा नियम क्रमांक असतो. त्याचा अर्थ त्या पॅडची कामगिरी मूळ पॅडच्या १५ टक्क्यांच्या आत असल्याचं चाचणीत सिद्ध झालं आहे. पुण्याच्या नाना पेठेत किंवा कुठल्याही शहरातल्या स्पेअर पार्ट्सच्या गल्लीत एकाच गाडीचे चार प्रकारचे पॅड मिळतील. ज्यावर यातलं काहीच नाही आणि खोक्यावरचं छापील नावही अस्पष्ट आहे, तो कितीही स्वस्त असला तरी परत ठेवा. खरेदीला जाताना गाडीचा चासी नंबर बरोबर न्या. एकाच मॉडेलमध्ये वेगवेगळ्या वर्षी मागच्या डिस्कचा आकार आणि कॅलिपर बदललेले असतात, आणि 'लॉराचा पॅड' एवढं सांगून चुकीचा पॅड मिळणं सहज शक्य आहे.

बदलण्याच्या कामात एक जागा अशी आहे जिथे चांगले हातही फसतात. पुढच्या कॅलिपरचा पिस्टन क्लॅम्पने सरळ आत दाबता येतो. मागचा, हँडब्रेकच्या स्क्रूमुळे, नुसता दाबून जात नाही. तो दाबता-दाबता फिरवावा लागतो. ऑक्टेव्हिया आणि सिव्हिकमध्ये घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने. त्यासाठी पिस्टनच्या खाचांत बसणारं खास हत्यार येतं. ते नाही म्हणून कुणी मोठ्या क्लॅम्पने जोर लावला, तर आतला स्क्रू तुटतो आणि पॅडऐवजी अख्खा कॅलिपर घ्यावा लागतो. गाडी गॅरेजमध्ये देताना "मागचा पिस्टन फिरवायचं टूल आहे का?" एवढं विचारलं, तर समोरचा माणूस ही गाडी ओळखतो की नाही ते लगेच कळतं. सिव्हिकमध्ये आणखी एक बारकावा: आतल्या पॅडच्या पाठीवर एक छोटा उंचवटा असतो, आणि तो पिस्टनच्या खाचेत बसेल अशा स्थितीतच पिस्टन थांबवावा लागतो. बसला नाही तर पॅड तिरका दाबला जातो. नव्या काही गाड्यांत हँडब्रेक विजेवर चालतो. तिथे स्कॅनर लावून मोटर मागे घेतल्याशिवाय पिस्टनला हात लावू नये.

बाकीचं काम शिस्तीचं आहे. हँडब्रेक सोडलेला असतो, म्हणून गाडी गिअरमध्ये आणि पुढच्या चाकांना दोन्हीकडून मजबूत अडण. नुसत्या जॅकवर गाडी ठेवून खाली हात घालायचा नाही, स्टँड हवा. काढलेला कॅलिपर ब्रेकच्या रबरी नळीवर लोंबकळत ठेवायचा नाही, तारेने वर बांधायचा. धूळ हवेच्या नळीने उडवायची नाही, ओल्या फडक्याने किंवा ब्रेक क्लीनरने पुसायची. कुठल्या जुन्या पॅडमध्ये काय होतं हे कुणी सांगू शकत नाही, आणि युरोपीय संघाने ॲस्बेस्टॉसवर २००५ पासून सरसकट बंदी आणली ती उगाच नव्हे. पिना पूर्ण काढून गंज घासून काढायचा, त्यांना ब्रेकसाठीचंच सिलिकॉन किंवा सिंथेटिक ग्रीस लावायचं. बेअरिंगचं साधं ग्रीस लावलं तर रबर फुगतं आणि पिन पुन्हा अडकते. पॅडच्या खाचांतला गंज तारेच्या ब्रशने काढायचा, म्हणजे पॅड हाताने सरकेल. हे सगळं करायला अर्धा-पाऊण तास जास्त लागतो, आणि घाईच्या गॅरेजमध्ये नेमका हाच वेळ वाचवला जातो. मजुरीचे थोडे जास्त पैसे द्यायला लागले तरी द्यावेत.

पिस्टन आत जाताना ऑइल टाकीत वर येतं. आधी टाकी बघा, नाहीतर ते बाहेर सांडून बॉनेटखालचा रंग खातं. हे ऑइल हवेतलं पाणी शोषतं. नवं डॉट-४ ऑइल किमान २३० अंश सेल्सिअसला उकळतं. पाणी शोषल्यावर हीच किमान मर्यादा १५५ वर येते. कसारा किंवा आंबा घाट उतरताना सतत ब्रेक वापरला आणि ऑइल उकळलं, तर नळीत वाफ तयार होते आणि पेडल थेट खाली जातं. दर दोन वर्षांनी ऑइल बदलायचं, आणि पॅडचं काम चालू असताना ते करून घेणं सगळ्यात सोयीचं.

सगळं बसल्यावर गाडी जागची हलवण्याआधी पेडल दाबत राहायचं, ते घट्ट होईपर्यंत. हे विसरून गाडी बाहेर काढली तर पहिला ब्रेक लागतच नाही. त्यानंतर हँडब्रेक सोडलेला असताना केबल जुळवायची आणि कॅलिपरवरची दांडी आपल्या थांब्याला पूर्ण टेकते ना ते डोळ्यांनी बघायचं. ती टेकत नसेल तर नवे पॅड पहिल्याच दिवसापासून घासायला लागतात. चाकाचे बोल्ट ऑक्टेव्हियाला १२० न्यूटन-मीटरने आवळायचे. पाय देऊन मारलेल्या पान्याने ते एक तर सैल राहतात किंवा इतके घट्ट होतात की रस्त्यात पंक्चर झालं तर सुटत नाहीत.

पहिले दोनशे-तीनशे किलोमीटर जोरात ब्रेक मारू नका. मोकळ्या रस्त्यावर साठच्या वेगावरून वीसपर्यंत सौम्यपणे वेग कमी करायचा, पूर्ण थांबायचं नाही, मध्ये गार होऊ द्यायचं, असं बऱ्याचदा करायचं. त्याने पॅडचा पातळ थर डिस्कवर सारखा बसतो आणि पकड तयार होते. आठवडाभराने वीस-पंचवीस किलोमीटर नेहमीसारखी गाडी चालवून थांबा आणि दोन्ही मागच्या चाकांच्या रिमजवळ हात न्या. लावू नका, जवळच न्या. दोन्हीकडे सारखीच ऊब असेल तर काम नीट झालं. एका बाजूला झळ लागत असेल तर ते चाक पुन्हा जॅकवर घ्या. दांडी किंवा पिन अजून अडकलेली आहे, आणि नवा पॅड आत्तापासूनच झिजतो आहे.